अर्जदाराच्या सांगण्यावरून

पस्तीस वर्षं मी रोज लिहीत होतो. इतकं लिहूनही माझं नाव कुठं छापून आलं नाही, ते आज पहिल्यांदाच येतंय. माझ्या प्रत्येक कागदावर वर अर्जदाराचं नाव असे, खाली अर्जदाराची सही असे, आणि अगदी तळाशी बारीक अक्षरात माझी एक ठरलेली ओळ असे : ‘अर्जदाराच्या सांगण्यावरून लिहिला.’ तिच्याखाली माझी सही आणि सनदेचा नंबर. ही ओळ मी किती हजार वेळा लिहिली असेल, याचा हिशेब नाही. ती खरी किती वेळा होती, एवढं मात्र मला सांगता येईल, पण त्याबद्दल कुणी विचारत नाही.

संपादकांना माझ्याकडून गमती हव्या आहेत. अर्जनवीस म्हणजे कचेरीबाहेर बसून लोकांचे अर्ज लिहिणारा माणूस. त्याच्यापुढं तऱ्हेतऱ्हेची माणसं येऊन बसतात, तेव्हा गमतींना तोटा नसणार, असा त्यांचा अंदाज. अंदाज बरोबर आहे. एखाददुसरी गंमत सांगतो आणि मग मला जे सांगायचं आहे त्याकडे वळतो. ते गमतीचं नाही, हे आधीच सांगून ठेवलेलं बरं.

कोल्हापुरात कचेरीच्या आवारात चिंचेखाली आम्ही चौघं बसायचो. पुढ्यात उतरतं मेज, दौत, टाक, टिपकागद आणि अर्जावर लावायच्या तिकिटांची डबी. संस्थान होतं तोवर माझं सगळं लिखाण मोडीत चाले, आणि माझ्या मोडी अक्षराची तारीफ मोठमोठ्या माणसांनी केलेली होती. मग संस्थान मुंबई राज्यात विलीन झालं, नवे साहेब आले, आणि त्यांनी अर्ज बालबोधीत हवेत म्हणून सांगितलं. चाळिशी ओलांडल्यावर मी पहिलीतल्यासारखं पुन्हा अक्षर गिरवत बसलो. माझ्या शेजारचे दोघं त्या वर्षात उठून गेले. मी टिकलो, आणि टिकलो तो मोटारवाल्यांच्या जोरावर.

हे काम बाहेरच्या माणसाला जरा समजावून सांगायला हवं. अपघात झाला की ड्रायव्हरचं लायसन आणि त्याचा पितळी बिल्ला कचेरीत जमा होई. खटल्याचा निकाल लागेपर्यंत त्यानं गाडीला हात लावायचा नाही. निकाल कधी सहा महिन्यांनी लागे, कधी वर्ष उलटे. तोवर त्यानं घर कसं चालवायचं? यासाठी एक सोय होती. कायद्याचा तिला आधार होता की तो साहेबांच्या मर्जीचा भाग होता, हे मला आजही सांगता येणार नाही. तिला मर्यादित परवानगी म्हणत. एकच गाडी, एकच रस्ता, सूर्योदयापासून सूर्यास्तापर्यंत. कागदावर गाडीचा नंबर आणि रस्त्यावरच्या गावांची नावं लिहिलेली असत. त्याबाहेर चाक गेलं की परवानगी रद्द.

या परवानगीचा अर्ज लिहावा तर मी, असं सगळ्या मोटार अड्ड्यावर बोललं जाई. साहेबांची नाडी मी ओळखली होती. त्यांना वाद घालणारा अर्ज खपत नसे. माझी चूक नव्हती, गाय आडवी आली, ब्रेक मालकानं दुरुस्त केला नव्हता, असलं काही दिसलं की कागद बाजूला पडे. म्हणून मी एक वाक्य तयार केलं होतं : ‘माझ्या हातून घडलेल्या निष्काळजीपणाबद्दल मला अत्यंत पश्चात्ताप होत असून पुन्हा असा प्रमाद घडणार नाही.’ हे वाक्य घातलं की आठ दिवसांत परवानगी हातात. माझा एकही अर्ज परत आला नव्हता. मला त्या वाक्याचा अभिमान होता आणि मी तो चारचौघांत बोलूनही दाखवत असे.

आता गंमत. कबनूरचे एक यंत्रमागवाले शेठ होते. स्वतःची मोटार स्वतः चालवायची हौस, आणि चालवायचे ती वळूसारखी. एका दुकानाच्या पायऱ्यांवर गाडी चढवली आणि लायसन गेलं. माझ्याकडे आले आणि म्हणाले, मला कसली परवानगी मिळेल ते तुम्हीच ठरवा. साहेब दत्तभक्त आहेत हे मला ठाऊक होतं. मी लिहिलं, की अर्जदाराचा दर गुरुवारी नृसिंहवाडीला जाण्याचा नेम असून तो मोडल्यास मनाला यातना होतील. शेठ उभ्या जन्मात वाडीला दोनदा गेले असतील. परवानगी तिसऱ्या दिवशी मिळाली. मग दर गुरुवारी शेठची गाडी सुताच्या पेट्या घेऊन निघायची आणि वाडीच्या रस्त्यानं व्यापाऱ्यांकडे पोहोचायची. एका गुरुवारी साहेबच त्यांना घाटावर भेटले आणि मागच्या पेट्यांत काय आहे म्हणून विचारलं. शेठ म्हणाले, नैवेद्य. साहेबांनी हात जोडले. ही गोष्ट शेठनं मला मांडी थोपटत सांगितली आणि मीही पोट धरून हसलो. तेव्हा हसलो होतो, म्हणून इथं लिहिली.

त्याच वर्षी पावसाळ्यानंतर केरबा आला.

केरबा शाहूवाडीकडच्या एका भात गिरणीच्या मालकाची लॉरी चालवायचा. डोंगरातून तांदळाची पोती घेऊन कोल्हापूरला यायचं आणि संध्याकाळच्या आत परत जायचं. चाळिशीचा, काटक, कमी बोलणारा. टोपी हातात धरूनच माझ्यासमोर बसला, ती त्यानं शेवटपर्यंत डोक्यावर घातली नाही. त्याच्या लॉरीजवळ एक गाडीवान मेला होता. भर दुपारी, ओढ्यावरच्या एका अरुंद मोरीपाशी. समोरून वैरणीची बैलगाडी येताना दिसली, म्हणून केरबानं लॉरी रस्त्याच्या कडेला घेतली, थांबवली, इंजीनसुद्धा बंद केलं. बैल नवखे होते. लॉरी पाहून ते बुजले, गाडीचं चाक मोरीवरून खाली गेलं, गाडी कलंडली, आणि गाडीवान आपल्याच चाकाखाली सापडला. केरबानंच त्याला पोत्यांवर घालून दवाखान्यात आणलं. तिसऱ्या दिवशी तो गेला.

बघणारं कुणी नव्हतं. लॉरीवरचे दोन हमाल पोत्यांवर झोपलेले होते आणि त्यांनी पोलिसांना तसंच सांगितलं. लॉरीचा मडगार्ड आधीपासून चेपलेला होता, पंचनाम्यात तो धडकेनं चेपला असं आलं. केरबावर खटला भरला, लायसन आणि बिल्ला जमा झाला. मालक म्हणाला, महिनाभर थांबतो, मग दुसरा ड्रायव्हर ठेवतो.

हे सगळं केरबानं मला तीनदा सांगितलं, आणि तिन्ही वेळा शेवट एकाच वाक्यानं केला. “गाडी हुबी हुती.”

मी म्हणालो, ते कोर्टात सांग. हा अर्ज फक्त परवानगीचा आहे.

“न्हाय अण्णा, ह्यात लिवा. मेलेला मानूस आमच्याच गावचा. त्येची बायकू माज्या बायकूला हिरीवर पानी भरू देत न्हाय. कुटं तरी कागदावर येऊ दे की, गाडी हुबी हुती म्हनून.”

बारा वाजत आले होते. साहेब बारा वाजता कागदांवर सह्या करायला बसत आणि माझ्यापुढं आणखी तिघं खोळंबलेले होते. मी नेहमीचा अर्ज लिहिला. घरी खाणारी पाच तोंडं, मालकाची एकच लॉरी, रस्ता शाहूवाडी ते कोल्हापूर, आणि माझं ते वाक्य. अर्ज त्याच्यापुढं सरकवला आणि सही कर म्हणालो.

इथं एक बारीकशी गोष्ट आहे, पण पुढचं सारं तिच्यावर अडलं. अर्जावर अंगठा उमटवायचा असेल, तर सगळा मजकूर मोठ्यानं वाचून दाखवावा लागे, आणि ‘वाचून दाखवला, समजला, मान्य’ असं लिहून साक्षीदार घ्यावा लागे. सही असेल तर हे काही नको. ज्याला सही येते त्याला वाचता येतं, असं सरकार धरून चालतं. पण आमच्याकडचे कितीतरी ड्रायव्हर लायसनपुरती सही शिकलेले असत. आपलं नाव ते चित्रासारखं काढत. केरबाला त्याच्या मालकाच्या मुनिमानं चार दिवस बसवून सही शिकवली होती. ती त्याला नेटकी यायची आणि तिचं त्याला कौतुक होतं. बोटाला शाई लावायला त्याला कमीपणा वाटायचा. हे मला पक्कं माहीत होतं.

टाक हातात घेऊन तो थांबला आणि म्हणाला, “गाडी हुबी हुती, त्ये लिवलंय न्हवं?”

मी म्हणालो, “सगळं लिहिलंय. कर सही.”

त्यानं सही केली. एकेक अक्षर काढून झाल्यावर वरची रेघ सावकाश ओढली. मी खाली माझी ओळ लिहिली : अर्जदाराच्या सांगण्यावरून लिहिला.

सातव्या दिवशी परवानगी मिळाली. केरबा तांदूळ घेऊन आला की कचेरीवरून जाताना हॉर्न द्यायचा. एकदा त्यानं नव्या तांदळाचं गठुळं माझ्या मेजाखाली ठेवलं आणि नको नको म्हणेपर्यंत निघून गेला. वासाचा तांदूळ होता. आमच्या घरी महिनाभर पुरला.

पाच महिन्यांनी खटला उभा राहिला. सुनावणीच्या आदल्या दिवशी दुपारी केरबाचा वकील माझ्याकडे आला. मालकानं दिलेला वकील, त्यानं त्या दिवशीच कागद पाहिले होते. सरकारी वकिलानं माझा अर्ज पुराव्यात आणला होता. आरोपीनं स्वतःच्या सहीनं निष्काळजीपणा कबूल केला आहे, मग आणखी पुरावा कशाला? वकील कपाळाला हात लावून म्हणाला, की पोलिसापुढं दिलेली कबुली कोर्टात टिकत नाही, पण हा अर्ज पोलिसांना नाही, लायसन कचेरीला लिहिलेला आहे, आणि तिथंच घात झाला. उद्या मी तुम्हाला साक्षीला बोलावतो. हे वाक्य तुमचं आहे, सगळ्यांच्या अर्जांत तुम्ही तेच घालता, एवढं सांगा. माणूस सुटेल.

मी हो म्हणालो. मनापासून म्हणालो.

तासाभरानं कचेरीतले हेडक्लार्क पान खायला म्हणून बाहेर आले आणि माझ्या मेजाशी उभे राहिले. त्यांना सगळं कळलं होतं. ते हळू आवाजात, अगदी आपुलकीनं बोलले. “अण्णा, तुमच्या प्रत्येक अर्जाखाली काय लिहिलेलं असतं? उद्या तुम्ही म्हणणार, की ते खोटं. मग आजवरचे सगळे अर्ज खोटे. साहेब सनद ठेवतील का?”

अर्जनवीसाची सनद दरसाल नवी करून घ्यावी लागे आणि ती याच कचेरीच्या हातात होती. माझ्या थोरल्या मुलीचं लग्न ठरलेलं होतं. हे कारण म्हणून मी सांगतोय, पण लग्न ठरलेलं नसतं तरी मी तेच केलं असतं, असं आता वाटतं. चाळिशीत एकदा अक्षर मोडून पुन्हा बसवलं होतं. पुन्हा काही नव्यानं सुरू करण्याची माझ्यात धमक नव्हती.

कोर्टात सरकारी वकिलानं अर्जाचं इंग्रजी भाषांतर वाचलं. केरबा पिंजऱ्यात टोपी हातात धरून उभा होता. त्यातलं त्याला एक अक्षर कळलं नसणार, आणि अर्जात काय आहे ते वकिलानंही त्याला समजावलेलं नसावं. मग त्याच्या वकिलानं मला मराठीत विचारलं, की अर्जातला मजकूर कुणाचा?

मी म्हणालो, “अर्जदाराच्या सांगण्यावरून लिहिला.”

वकिलानं पुन्हा विचारलं, मी पुन्हा तेच म्हणालो. आणि केरबानं मान डोलावली. समाधानानं. त्यानं मला काय सांगितलं होतं ते त्याला ठाऊक होतं, आणि तेच मी लिहिलं असं मी भर कोर्टात शपथेवर सांगत होतो. त्याला वाटलं, मी त्याच्या बाजूनं बोललो. ती डोलावलेली मान माझ्या डोळ्यांपुढून अजून हललेली नाही.

एक वर्ष सक्तमजुरी, आणि लायसन कायमचं रद्द. माझी सनद त्या वर्षी बिनतक्रार नवी झाली.

त्यानंतर ते वाक्य मी पुन्हा कधी लिहिलं नाही, असं इथं लिहायला मला आवडलं असतं. पण मी लिहीत राहिलो. ड्रायव्हर येत, परवानगी मिळण्यासारखं लिवा म्हणत, आणि मी लिही. आपण अर्ज लिहिणारे, निकाल देणारे नव्हे, असं मी स्वतःला बजावत असे. कबनूरच्या शेठचं लायसन तोवर परत मिळालं होतं. ते एकदा पेढे देऊन गेले.

दीड वर्षानं एका सकाळी केरबा आला. मी एका ड्रायव्हरचा अर्ज लिहीत होतो. केरबा वाळला होता, केस पिकले होते. टोपी मात्र या वेळी डोक्यावर होती. बाजूला बसला आणि वाट बघू लागला. मी टाक खाली ठेवला. कधी सुटलात, असं विचारलं. मी त्याला आयुष्यात पहिल्यांदा ‘तुम्ही’ म्हणालो, हे बोलल्यावर माझ्या लक्षात आलं.

“शिमग्याच्या आदी,” तो म्हणाला. मग म्हणाला, “माजा अर्ज हाय व्हय तुमच्यापाशी?”

प्रत्येक अर्जाची नक्कल मी ठेवत असे. त्याची नक्कल गठ्ठ्यात शोधावी लागली नाही. ती मी वरच ठेवली होती. मी दिली. वाचून दाखवू का, असं विचारलं.

“नगं. तुरुंगात एक मास्तर हुते. त्येंनी शिकीवलं.”

त्यानं कागद दोन्ही हातांत धरला आणि मोठ्यानं वाचायला सुरुवात केली. अक्षराला अक्षर जुळवत, ओळीखाली बोट सरकवत. शेजारच्या मेजावरचं लिहिणं थांबलं. घरची पाच तोंडं झाली, मालकाची लॉरी झाली, रस्त्यावरची गावं झाली. मग माझं वाक्य आलं. “माज्या हातून घडलेल्या नि-ष्का-ळ-जी-पनाबद्दल…” त्या जोडाक्षराशी तो तीनदा अडला. ‘प्रमाद’ म्हणजे काय, असं त्यानं विचारलं. चूक, मी सांगितलं. त्यानं मान हलवली आणि पुढं गेला. आपली सही आली तिथं बोट थोडं थांबलं. मग त्यानं तळाची बारीक ओळ वाचली. “अर्जदाराच्या सांगन्यावरनं लिवला.”

कागद त्यानं मांडीवर ठेवला. आवाज चढवला नाही.

“अण्णा, मी काय सांगितलतं?”

कोर्टात विचारलेला प्रश्न तोच होता. तिथं मला एका वाक्यात उत्तर देता आलं असतं. इथं मी ते दिलं. त्याच्याच शब्दांत दिलं.

“गाडी हुबी हुती.”

“व्हय,” केरबा म्हणाला. “येवढंच ऐकायचं हुतं.” नक्कल त्यानं घडी घालून खिशात टाकली, उठला, आणि चालत फाटकाबाहेर गेला. पुन्हा तो मला दिसला नाही.

माझ्यापुढं बसलेल्या ड्रायव्हरचा अर्ज मी पुरा केला आणि त्याला सहीसाठी टाक दिला. त्यानं तो घेतला नाही. तो फाटकाकडे बघत होता, मग माझ्या मेजावरच्या कागदाकडे बघू लागला.

“अण्णा,” तो म्हणाला, “माज्यात काय लिवलंय, त्ये जरा वाचून दावा.”

मी कागद उचलला. ते वाक्य नुकतंच लिहून झालं होतं. शाई अजून ओली होती.